पडद्यावरून मागे, मागून पडद्यावर

तुमसर रोड स्टेशनातून एक फाटा उत्तरेला निघतो आणि गोबरवाही, डोंगरी बुजुर्ग करत तिरोडीला जातो. चिखल्याच्या खाणीतलं मॅंगनीज याच बाजूने बाहेर पडत आलं आहे. मुख्य लाइन मात्र पूर्वेकडे चालत राहते. तिरोडा, गोंदिया, आमगाव, सालेकसा मागे पडतात, दरेकसाचं जंगल लागतं आणि मग येतं डोंगरगड. आज डोंगरगड छत्तीसगडात आहे. शंभर वर्षांपूर्वी बंगाल नागपूर रेल्वेच्या या पट्ट्यात नोकरी करणाऱ्या मराठी कुटुंबांना मात्र शाळा, दवाखाना, सोयरीक आणि गाणं या सगळ्यांसाठी नागपूरच दिसायचं.

अशाच एका रेल्वे कुटुंबात रामचंद्र नरहर चितळकर वाढला. जन्म नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचा, १२ जानेवारी १९१८ चा. वडील रेल्वेत होते, म्हणून लहानपण डोंगरगडला गेलं आणि शिक्षणासाठी नागपूर गाठावं लागलं. तिथे तो शंकरराव सप्रे यांच्याकडे गाणं शिकू लागला. मूर्तिजापूरला जन्मलेले वसंतराव देशपांडेही सप्रे गुरुजींचेच विद्यार्थी. ही दोन्ही मुलं पडद्यावर पोचली ती १९३५ या एकाच सालच्या चित्रपटांतून. वसंतरावांना भालजी पेंढारकरांनी ‘कालियामर्दन’मध्ये कृष्ण केलं आणि रामचंद्र ‘नागानंद’चा नायक झाला. विदर्भातल्या एका गुरूच्या दोन शिष्यांचा हा योग मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण त्या दोघांनाही पडद्यापर्यंत नेणारा गुण एकच होता, तो म्हणजे गळा. त्या काळी नट निवडताना आधी गळा पाहत, चेहऱ्याचा विचार नंतर होई.

याच चितळकरांचं सी. रामचंद्र हे नाव आज आपण संगीतकार म्हणून घेतो. ‘अनारकली’, ‘अलबेला’, ‘आझाद’, ‘नवरंग’ ही नावं ओळीने आठवतात. त्यांनी नायक म्हणून सुरुवात केली आणि तीस वर्षांनी पुन्हा अभिनयाकडे वळून स्वतःच्या चित्रपटांत भूमिका केल्या, ही गोष्ट चरित्रातल्या एखाद्या गमतीसारखी सांगितली जाते. मला ती त्यांच्या संगीताची किल्ली वाटते. हा माणूस आधी नट होता, आणि नटपण त्याच्या चालींतून कधीच गेलं नाही. पण ते नीट कळायचं तर आधी कोल्हापुरात जावं लागेल, गोविंदराव टेंब्यांकडे.

मार्च १९३१ मध्ये ‘आलम आरा’ मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागला आणि मूकपटांचं राज्य संपलं. कोल्हापुरात १९२९ साली सुरू झालेल्या प्रभात फिल्म कंपनीने ताबडतोब बोलपट हाती घेतला. १९३२ चा ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतला पहिला बोलपट. दिग्दर्शक व्ही. शांताराम, तारामती दुर्गा खोटे, आणि हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे. संगीतही टेंब्यांचंच. मराठी बोलपटाचा पहिला नायक आणि पहिला संगीतकार ही एकच व्यक्ती होती.

टेंबे तेव्हा पन्नाशीचे होते. त्यांची हार्मोनियम महाराष्ट्रभर गाजलेली होती, भास्करबुवा बखल्यांना ते गुरू मानत. १९११ मध्ये किर्लोस्कर नाटक मंडळीने खाडिलकरांचं ‘मानापमान’ रंगभूमीवर आणलं, त्याच्या चाली टेंब्यांच्या. त्यांनी पूरब अंगाच्या ठुमरी-दादऱ्याचा रंग मराठी नाट्यपदात आणला आणि प्रेक्षक त्या पदांवर अक्षरशः लुब्ध झाले. पुढे त्याच नाटकात त्यांनी धैर्यधराची भूमिकाही केली. १९१३ साली बालगंधर्व, गणपतराव बोडस आणि टेंबे किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि गंधर्व नाटक मंडळी उभी राहिली. तीही सोडून टेंब्यांनी स्वतःची शिवराज संगीत मंडळी काढली. थोडक्यात, चाल बांधणं आणि ती रंगवस्त्रं चढवून प्रेक्षकांपुढे म्हणणं ही दोन कामं त्यांच्या लेखी वेगळी नव्हती. संगीत नाटकाच्या माणसाला ती वेगळी वाटण्याचं कारणच नव्हतं.

बोलपटाच्या तंत्रालाही नेमका असाच माणूस हवा होता. तेव्हा आवाज नंतर भरण्याची सोय नव्हती. चित्रीकरण चालू असतानाच संवाद आणि गाणं ध्वनिमुद्रित व्हायचं. नट कॅमेऱ्यासमोर गाणार, वादक कॅमेऱ्याच्या नजरेबाहेर कुठेतरी दाटीवाटीने बसणार आणि मायक्रोफोन कसाबसा लपवलेला असणार. नट बेसूर झाला किंवा तबलजीची थाप चुकली की सगळं पुन्हा पहिल्यापासून. नटाने मान वळवली तरी आवाजात फरक पडायचा. अशा परिस्थितीत नटाला गाणं यायलाच हवं, आणि चाल बांधणाऱ्याला नटाचा श्वास, त्याची हालचाल, त्याचं उभं राहणं हे सगळं ठाऊक हवं. टेंबे स्वतःच्या गळ्यासाठी, स्वतःच्या भूमिकेसाठी चाल बांधत होते. १९३२ मध्येच आलेल्या ‘माया मच्छिंद्र’मध्येही ते मच्छिंद्रनाथ झाले आणि संगीतही त्यांनीच दिलं.

झाडीपट्टीतल्या वाचकाला गाता नट म्हणजे काय हे समजावून सांगावं लागत नाही. भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपूर या भागात धानाची कापणी उरकली की गावोगावी मंडई भरते, दंडार होते, रात्रभर नाटकं चालतात. समोर हार्मोनियम आणि तबला, आणि नट स्वतःच्या गळ्याने पद म्हणतो, आवडलं तर पुन्हा म्हणतो. चिखल्याच्या आसपासच्या खेड्यांत ही रीत आजही जिवंत आहे. उरलेल्या महाराष्ट्रात संगीत नाटक आटलं तरी इथे ‘वन्स मोअर’ थांबला नाही. म्हणून टेंब्यांचा हरिश्चंद्र इथल्या माणसाला परका वाटू नये.

१९३३ मध्ये प्रभात पुण्याला गेली. १९३४ च्या ‘अमृतमंथन’चं संगीत केशवराव भोळ्यांनी केलं. भोळे उत्तम जाणकार होते, पण पडद्यावरचे नायक नव्हते. संगीतकाराची खुर्ची वेगळी होऊ लागली होती. १९३५ मध्ये कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने रायचंद बोराल यांच्या संगीताच्या ‘धूप छाँव’मध्ये गाणं आधी ध्वनिमुद्रित करून नंतर त्यावर चित्रीकरण करण्याची पद्धत आणली. पार्श्वगायन म्हणतात ते हेच. ही पद्धत सगळीकडे रुळायला आणखी काही वर्षं लागली. सैगल, नूरजहाँ, सुरैया ही गाणारी माणसं पुढेही चमकत राहिली. पण चेहरा एकाचा आणि गळा दुसऱ्याचा, हे आता शक्य झालं होतं.

नेमक्या याच सांध्यावर नागपूरहून निघालेला तरुण पुण्याला पोचला होता. पुण्यात तो गांधर्व महाविद्यालयात विनायकबुवा पटवर्धनांकडे शिकला. पलुस्करांच्या परंपरेतलं हे विद्यालय, म्हणजे तालीम शिस्तीची आणि स्वरलिपी आलीच. चाल कानावर पडताक्षणी कागदावर उतरवता येणं ही गोष्ट पुढे त्याच्या फार कामी आली असणार, कारण ज्या स्टुडिओंत त्याला काम मिळालं तिथे बुजुर्ग उस्तादांचा सगळा खजिना तोंडी होता.

‘नागानंद’चे दिग्दर्शक वाय. व्ही. राव दक्षिणेकडचे. नायकाचं वय जेमतेम सतरा. गळा तयार, उमेद भरपूर. चित्रपट मात्र पडला. नायक म्हणून दुसरी संधी काही आली नाही. सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मुव्हीटोनमध्ये रामचंद्र नोकरीला लागला. ‘सैद-ए-हवस’, ‘आत्मतरंग’ अशा चित्रपटांत त्याला बारीकसारीक भूमिका मिळाल्या. कालचा नायक आज गर्दीत उभा. महिन्याच्या पगारावर ठेवलेल्या अशा नटांची त्या काळच्या स्टुडिओंत काही कमी नव्हती आणि त्यातले बहुतेक तिथेच विरून गेले.

चितळकर विरले नाहीत, कारण त्यांना पेटी येत होती. मिनर्व्हाच्या संगीत खात्यात बुंदू खाँ आणि हबीब खाँ चाली बांधत. त्यांच्या साथीला हार्मोनियमवर चितळकर बसू लागले. इथे आयुष्याने वळण घेतलं. नटांच्या रांगेतून उठून ते वादकांच्या बैठकीत आले. वरवर पाहता ही पदावनतीच होती. पण कल्पना करा, मोदींच्या स्टुडिओत काय चाललं असेल. पारशी रंगभूमीचा ठसका असलेले संवाद, उर्दू जबान, आवाजाची फेक. ‘सैद-ए-हवस’च्या मुळाशी शेक्सपिअरचं नाटक होतं. सतरा-अठराव्या वर्षी एखादा गाणारा मुलगा रोज हे ऐकत असेल, तर शब्द कुठे तोडायचा, कुठे दाबायचा आणि कुठे सोडून द्यायचा हे त्याच्या कानात कायमचं बसतं. पुढे त्यांच्या गाण्यांत उर्दू शब्द जिभेवर इतके सहज येतात त्याचं मूळ मला इथे दिसतं.

स्वतंत्र संगीतकार म्हणून पहिली संधी मिळाली ती तमिळ चित्रपटांत. ‘जयक्कोडी’ आणि ‘वनमोहिनी’ हे ते दोन चित्रपट, आणि ती संधी आली भगवान यांच्या दोस्तीतून. भगवान आभाजी पालव, म्हणजे आपले भगवानदादा, तेव्हा कमी खर्चाचे मारधाडीचे चित्रपट काढत. दोघेही मराठी, दोघेही धडपडे. १९४२ च्या ‘सुखी जीवन’ने चितळकरांचं नाव हिंदीत पुढे आलं. या काळात त्यांची नावंही अनेक झाली. संगीतकार म्हणून सी. रामचंद्र, गायक म्हणून चितळकर, काही चित्रपटांत राम चितळकर, नट म्हणून आर. एन. चितळकर, शिवाय मधूनच अण्णासाहेब आणि श्यामू. ओळखीचे लोक नुसतं अण्णा म्हणत. आपण एकच आहोत हे लपवण्यासाठी केलेला हा प्रकार नसावा. प्रत्येक कामाला त्याचा वेगळा माणूस असतो, असं मानणाऱ्या नटाची ती सवय असावी असं मला वाटतं.

आता ‘पतंगा’कडे या. १९४९ चा चित्रपट. त्यातलं रंगूनहून येणाऱ्या टेलिफोनचं गाणं ऐकलं नाही असा माणूस सापडणं कठीण. गाणं रंगमंचावर सादर होतं. एका बाजूला नवरा बनलेले स्थूल, विनोदी गोप, दुसऱ्या बाजूला देहरादूनला बसलेली बायको, निगार सुलताना. गोपसाठी आवाज चितळकरांचा, तिच्यासाठी शमशाद बेगमचा. हे गाणं ऐकताना लक्ष द्या, तो आवाज गायकाचा नाही. ताना नाहीत, सूर लावून दाखवण्याची हौस नाही. टेलिफोनवर बोलणारा, जरा लांबून ओरडल्यासारखा, बायकोच्या आठवणीने हळवा झालेला आणि तरी हास्यास्पद दिसणारा एक माणूस आहे. चाल बोलण्यातून उगवते, बोलण्याच्या चढउतारावर चालते आणि बोलण्यातच मिसळून जाते. उत्तम गायक हे गाणं कदाचित जास्त चांगलं गायला असता, पण इतकं खरं करू शकला नसता. संगीतकाराने ही भूमिका स्वतः केली, फक्त चेहरा गोपचा वापरला.

त्याआधी, १९४७ च्या ‘शहनाई’त रविवारचं निमंत्रण देणारं गाणं आलं होतं. साहेबी थाटाचा प्रियकर आमिषं दाखवतो आणि पोरगी त्याला उडवून लावते. ही एक छोटी नाटिकाच आहे. त्यातला पुरुषाचा आवाजही चितळकरांचा. अभिरुचीच्या राखणदारांनी या गाण्यावर बरीच नाकं मुरडली. लोकांनी ते डोक्यावर घेतलं. मला त्यात उथळपणा दिसत नाही. मराठी रंगभूमीवर विनोदी पात्राच्या तोंडी फर्मास पद घालण्याची जुनी पद्धत आहे आणि तमाशात तर सवाल-जवाबाशिवाय पान हलत नाही. चितळकरांनी त्या रीतीला शिट्टी, गिटार आणि सॅक्सोफोन दिले इतकंच.

हे सगळं कळसाला पोचलं १९५१ च्या ‘अलबेला’त. दिग्दर्शक आणि नायक भगवान, नायिका गीता बाली. भगवानदादा देखणे नव्हते, बांधा बसका, नाच स्वतःच्याच धाटणीचा. अशा नायकाला आवाज कोणता द्यायचा? रफी, तलत, मुकेश सगळे उपलब्ध होते. चितळकरांनी स्वतःचा आवाज दिला. लता मंगेशकरांबरोबरची ती द्वंद्वगीतं ऐका. तिच्या आवाजाच्या शेजारी हा आवाज साधा, किंचित अनुनासिक, हसरा वाटतो. पडद्यावरचा भगवान तसाच आहे, साध्या घरातला, स्वप्नाळू, रंगमंचावर चढून कुणीतरी व्हायला निघालेला. ‘अलबेला’ची गोष्टच नट व्हायला निघालेल्या गरीब तरुणाची आहे. सोळा वर्षांपूर्वी पडलेला ‘नागानंद’चा नायक या गाण्यांत भगवानच्या शरीरात उभा राहून गातो आहे, असं मला ही गाणी ऐकताना नेहमी वाटतं. पडद्याने चितळकरांचा चेहरा नाकारला होता. आवाजाच्या वाटेने त्यांनी त्याच पडद्यावर नायकाची जागा मिळवली, आणि तीही वर्षभर देश वेडा होईल अशी.

‘अलबेला’चा ठेका त्यांच्या एकट्याचा नव्हता, हेही सांगायला हवं. मुंबईच्या स्टुडिओंत तेव्हा गोव्याचे वादक मोठ्या संख्येने होते. चर्चच्या शाळांत स्वरलेखन शिकलेले, हॉटेलांत जॅझ वाजवणारे. हळदोण्याचे अँतोनियो झेवियर वाझ, म्हणजेच चिक चॉकलेट, हे ट्रम्पेटवाले चितळकरांचे महत्त्वाचे सहकारी. ‘अलबेला’त तर ते आपल्या बँडसह पडद्यावरही दिसतात. नागपुरात सप्रे गुरुजींकडे घोटलेला राग आणि गोव्यातून आलेला ट्रम्पेट, या दोघांना एकत्र बसवून त्यांच्याकडून एकच गाणं करून घेणं सोपं नव्हतं. चितळकर स्वतः स्वरलिपी जाणणारे, म्हणून त्यांना या वादकांशी थेट बोलता येत असणार. त्याच ‘अलबेला’त पिलूच्या सुरावटीतली अंगाईही आहे. एकाच चित्रपटात धांगडधिंगा आणि पाळणा, दोन्ही तितकेच खरे.

१९५३ च्या ‘अनारकली’ने ते शिखरावर गेले. भीमपलासीच्या सावलीत बांधलेली त्यातली गाणी लता मंगेशकरांच्या सर्वोत्तम गाण्यांत गणली जातात. १९५५ च्या ‘आझाद’ची कथा तर चित्रसृष्टीत पुन्हा पुन्हा सांगितली जाते. कोइंबतूरच्या निर्मात्यांना सगळी गाणी महिनाभरात हवी होती. नौशादांनी एवढ्या घाईत काम करायला नकार दिला, चितळकरांनी होकार दिला आणि ती वेळेत पूर्ण केली. त्यातल्या एका द्वंद्वगीतासाठी तलत महमूद मिळाले नाहीत, तेव्हा चितळकर स्वतः उभे राहिले आणि दिलीपकुमारसाठी इतकं मऊ गायले की आजही अनेकांना तो आवाज तलतचाच वाटतो. ‘पतंगा’तला गोप आणि ‘आझाद’चा दिलीपकुमार, दोन्ही एकाच गळ्यातून. नट म्हणजे दुसरं काय करतो!

१९५७ च्या ‘आशा’तलं किशोरकुमारचं धमाल गाणं घ्या. बाहेर खेळणाऱ्या मुलांच्या गिनतीच्या बडबडीवरून ते सुचलं आणि गोव्याचे त्यांचे सहायक जॉन गोम्स यांनी त्यात कोकणी शब्दांची भर घातली, असं सांगतात. किशोरकुमार स्वतः नट, गायक आणि पुढे ‘झुमरू’पासून संगीतकारही. अशा माणसाच्या हाती गाणं देताना चितळकरांना काय वाटलं असेल? आपण जे होऊ पाहत होतो ते सगळं समोरच्या पोरात उतरलेलं त्यांना दिसलं असेल.

याच वर्षांत मराठीत दुसरी माणसंही या दुहेरी वाटेने चालत होती. सावंतवाडी भागातल्या सोनवड्याचे वसंत देसाई प्रभातमध्ये पडेल ते काम करत शिकले, छोट्या भूमिका केल्या, गायले आणि मग शांतारामांचे संगीतकार झाले. त्यांनी अभिनय मागे ठेवला तो कायमचा. पु. ल. देशपांड्यांनी मात्र १९५३ च्या ‘गुळाचा गणपती’त लेखन, दिग्दर्शन, संगीत आणि नायकाची भूमिका सगळं एकहाती केलं आणि त्यानंतर लवकरच चित्रपटाकडे पाठ फिरवली. त्यांच्याकडे साहित्य होतं, रंगभूमी होती. चितळकरांचं सगळं चित्रपटातच होतं.

१९५९ च्या ‘नवरंग’नंतर, १९६१ च्या ‘स्त्री’नंतर ओहोटी लागली. लताबाई आणि त्यांच्यात दुरावा आला होता. त्यांची चाल तिच्या गळ्याभोवती इतकी विणलेली की तो धागा सुटल्यावर बरंच काही उसवलं. नवे संगीतकार आले, वाद्यवृंद मोठे झाले. या उतरणीवरच २७ जानेवारी १९६३ चा दिवस येतो. चीनच्या युद्धातल्या पराभवाची जखम ताजी होती. दिल्लीच्या नॅशनल स्टेडियममध्ये, पंतप्रधान नेहरूंच्या उपस्थितीत, लता मंगेशकरांनी ‘ऐ मेरे वतन के लोगो’ गायलं. शब्द कवी प्रदीप यांचे, चाल सी. रामचंद्र यांची. ही चाल पुन्हा ऐका. सुरुवातीला ती जवळजवळ हाक आहे, जमावाला थांबवून जवळ बोलावणारी. मग निवेदन, मग प्रसंग, मग एकेका जवानाचं चित्र. रंगमंचावर उभ्या असलेल्या एका माणसाने हजारोंशी कसं बोलावं हे ठाऊक असलेल्या संगीतकाराचीच ही चाल आहे. शब्द कुठेही चालीखाली दबत नाही.

त्यानंतर त्यांनी जे केलं ते हिंदी चित्रसृष्टीतल्या किती संगीतकारांना सुचलं असतं? पन्नाशीच्या उंबरठ्यावर ते मराठीत आले, पदरचे पैसे घातले आणि स्वतः चित्रपट काढले. १९६६ चा ‘धनंजय’ आणि १९७० चा ‘घरकुल’. निर्मिती त्यांची, संगीत त्यांचं आणि भूमिकाही त्यांची. हिंदीत स्वतःची निर्मितिसंस्था काढून त्यांनी पूर्वी हात पोळून घेतले होते, तरी पुन्हा धाडस केलं. मधल्या काळात, १९६७ मध्ये, गदिमांच्या ‘गीतगोपाल’ला चाली दिल्या. म्हणजे हा माणूस हिंदीतून निवृत्त होऊन घरी बसला नव्हता, आपल्या भाषेत परत येत होता. १९५२ मध्ये भालजींच्या ‘छत्रपती शिवाजी’चं संगीत करून गेलेला संगीतकार आता मराठीत मुक्काम करायला आला.

‘घरकुल’चं संगीत ऐकलं की त्या परतीचं सार्थक झाल्यासारखं वाटतं. अमरावतीच्या सुरेश भटांच्या शब्दांना आशा भोसल्यांचा आवाज देऊन त्यांनी ‘मलमली तारुण्य माझे’ केलं. मराठी चित्रपटगीतात इतकी मोकळी, इतकी सुसंस्कृत शृंगाराची भावना फार थोड्या वेळा आली आहे. भट तेव्हा सर्वांच्या ओठी असलेले कवी नव्हते. विदर्भात गाणं शिकलेल्या संगीतकाराने विदर्भातल्या कवीची नजाकत ओळखली, ही गोष्ट आपल्याकडच्या माणसाने अभिमानाने सांगावी अशी आहे.

नट म्हणून चितळकरांनी या चित्रपटांत फार मोठी छाप पाडली असं म्हणता येणार नाही. तो काळही निघून गेला होता. १९३५ मध्ये गळ्यासाठी नायक निवडत, १९७० मध्ये गळ्याची नायकाला गरजच उरली नव्हती. पण मला त्यांचं पडद्यावर परतणं हट्ट वाटत नाही. पार्श्वगायनाच्या तंत्राने चेहरा आणि आवाज यांची जी फारकत केली, ती त्यांनी मनातून कधी मान्यच केली नव्हती. गोप, भगवान, दिलीपकुमार यांच्यातून ते पडद्यावर वावरतच होते. आता स्वतःच्या चेहऱ्याने वावरले, एवढाच फरक.

१९७७ मध्ये त्यांचं ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र आलं. ५ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. 

‘घरकुल’मध्ये आणखी एक गाणं आहे, आईबाबा आणि मुलांचं, ‘पप्पा सांगा कुणाचे’. आजही लहान मुलं असलेल्या घरांत ते हमखास वाजतं. प्रमिला दातार आणि राणी वर्मा यांच्या आवाजांबरोबर वडिलांच्या आवाजासाठी चितळकरांनी बड्या पार्श्वगायकाला बोलावलं नाही. त्यांनी एका नटाला गायला लावलं, अरुण सरनाईकांना. सरनाईक कोल्हापूरचे, संगीत रंगभूमी गाजवलेल्या शंकरराव सरनाईकांचे चिरंजीव, म्हणजे टेंब्यांच्याच गावचे आणि त्यांच्याच परंपरेतले. त्यांचा आवाज सुरेल आहेच, पण गाण्यात ऐकू येतो तो गायक नव्हे. लेकरांशी लडिवाळपणे बोलणारा बाप ऐकू येतो.